उरलेल्या रस्त्याचं पेट्रोल

"पुस्तकाच्या मागं छापलेलं उत्तर बरोबरच असतं. त्यावर प्रश्न विचारायचा नाही!" सोलापुरातल्या मुलींच्या शाळेत मी गणित शिकवायला लागले, त्या दिवशी ज्येष्ठ शिक्षक बार्शीकर सरांनी मला दिलेला हा पहिला नियम. मी नवीकोरी बी.एस्सी., त्यात जिभेला हाड नाही. गप्प बसणार थोडीच! अपूर्णांकांच्या उदाहरणांत मोटारी आणि पेट्रोल आलं की किस्से साठत जातात. फजिती बहुतेक वेळा माझीच.

* * *

पहिल्याच तासाला मी ऐटीत म्हणाले, "समजा, टाकीत क्ष लिटर पेट्रोल आहे."

नरसम्मा उठली. विणकराची पोर, घरी तेलुगू, वर्गात रोखठोक. "बाई, समजायचं कशाला? पंपावर इचारलं की सांगतेत की!"

वर्ग खदाखदा हसला. मी "खाली बस" म्हणाले. आणि फळ्यावरचा क्ष पुसून पाच लिहिले!

त्याच आठवड्यात तिची आई येऊन बजावून गेली, "यंदा गणितात गेली तर शाळा बंद. विड्या वळायला बसवणार." तेव्हापासून तिच्या गणिताची धास्ती तिच्यापेक्षा मलाच जास्त.

* * *

भावाची मोपेड घेऊन मी मैत्रिणीकडे मोहोळला निघाले. किती पेट्रोल लागेल ते अपूर्णांकात काढून, तेवढंच भरून! हिशेब अचूक निघाला. फक्त परतीचा करायचा राहिला होता.

रस्त्यात शेळ्या राखणारी एक मावशी भेटली. "गाडी बिगडली व्हय?"

"नाही, पेट्रोल संपलं."

"मंग निघताना बगायचं न्हाय?"

"बघितलं होतं. बी.एस्सी. आहे मी!"

"व्हय? मंग ढकला."

* * *

बार्शीकर सर एकदा म्हणाले, "बाईमाणसाला मोटारीचं गणित कशाला? पाव वाटी, अर्धी वाटी कळली की झालं."

मी भडकले. "मला स्वयंपाक येतच नाही!"

बाणेदार उत्तर दिलं, असं मला तासभर वाटत होतं. संध्याकाळपर्यंत ही बातमी आमच्या घरी पोचली, आणि आईनं मला पिठलं ढवळायला बसवलं.

* * *

वार्षिक परीक्षेत पुस्तकातलंच उदाहरण आलं: दोन तृतीयांश रस्त्याला पाऊण टाकी पेट्रोल लागलं, तर उरलेल्या रस्त्याला किती? पुस्तकाचं उत्तर, पाव टाकी. नरसम्माचं, तीन अष्टमांश. रस्त्याच्या दोन भागांना पाऊण, तर उरलेल्या एका भागाला त्याच्या निम्मं. पोरीचंच बरोबर! हे मार्क मिळाले तर ती पास, नाहीतर विड्या.

स्टाफरूममध्ये बार्शीकर सरांनी पेपर पाहिला. "बरोबर तिचंच आहे. पण छापलंय पाव. मार्क कापा."

"सर, तिची शाळा सुटेल!"

हेडमास्तर म्हणाले, "थोरामोठ्यांनी लिहिलेलं पुस्तक एका पोरीसाठी चुकीचं ठरवायचं? कापा म्हणतात ना!"

दुसऱ्या दिवशी आम्हा सगळ्यांना हेडमास्तरांच्या जुन्या मोटारीतून कुर्डुवाडीला लग्नाला जायचं होतं.

"मी कापणार नाही," मी हेडमास्तरांना म्हणाले. "आणि सर, उद्या दोन तृतीयांश रस्ता झाला की पुढचं पेट्रोल पुस्तकाप्रमाणं भरा. मी एस.टी.नं येते!"

हेडमास्तरांनी बार्शीकर सरांकडे पाहिलं. बार्शीकर सरांनी चहाच्या कपात पाहिलं.

मी लाल पेन्सिलीनं नरसम्माच्या पेपरवर पस्तीस लिहिले.