झऱ्यावरची आमची जागा

मास्तरीणबाईंनी मी भरून आणलेली कळशी दोन्ही हातांनी उचलली, अंगणाच्या कडेला नेली आणि उपडी केली. पाणी मातीत गेलं. थोडं खळग्यात साचलं, ते त्यांच्या कोंबड्या प्यायल्या.

मी समोर उभी होते. त्या म्हणाल्या, "बोटं बुडवलीस. हे पाणी आता कोण पिणार?"

बोटं बुडवली होती हे खरं. डोक्यावरचं पाणी हिंदकळू नये म्हणून आमच्याकडे भांड्यात पळसाचं पान टाकतात. सगळ्या बायका टाकतात. पोचल्यावर पान काढायचं. रोज मी ते अंगणाबाहेर काढायची. त्या दिवशी त्यांच्यासमोर काढलं.

त्यांची मुलगी सुलभा दारात बसली होती. माझ्याच वर्गातली, चौथीतली. तिची वेणी अर्धी राहिली होती. बाईंनी रिकामी कळशी ठेवली, हात पुसले, कंगवा उचलला आणि उरलेली वेणी घालायला घेतली. मी अजून तिथंच होते. खोटं सांगत नाही, पाणी ओतलं त्याहून मला त्या वेणीचं जास्त लागलं.

आमचा पाडा सूर्यमाळच्या खालच्या अंगाला. दिवाळी झाली की माणसं भिवंडीकडे वीटभट्टीवर जायची, ती पावसाच्या तोंडावर परतायची. त्याआधी दरवर्षी आईबाप आम्हालाही बरोबर नेत. त्या वर्षी मी चौथीत होते. बापाने ठरवलं, हिची परीक्षा होऊ द्यायची. म्हणून मी मागे राहिले, आणि मी होते म्हणून दोघी बहिणीही राहिल्या. जानी सात वर्षांची, बारकी तीन. आईने निघताना कणगीतली नागली दाखवली. रोज किती काढायची ते स्वतःच्या ओंजळीने मोजून दाखवलं, मग माझ्या लहान ओंजळीने पुन्हा मोजायला लावलं. राखेखाली विस्तव कसा जपायचा, ते सांगितलं. रडली नाही. मीही नाही.

बारकीला मी शाळेत घेऊन जायची. गुरुजी, म्हणजे सुलभाचे वडील, तिला दाराशी बसू देत. दुपारच्या सुट्टीत सुलभाची आई शाळेच्या कुडापाशी येऊन हाक मारायची, "सुलू, जेवायला ये गं." सुलभा लगेच जायची नाही. खेळ संपवायची. दुसरी हाक, तिसरी हाक. तीन-तीन हाका वाया घालवायची. मी कुडाजवळ बारकीला खेळवत बसायची, हाक नीट ऐकू यावी म्हणून. तीच हाक माझ्या नावाने मनात म्हणून बघायची. जमायचं नाही. आमच्या घरात हाक मारणारी मीच होते.

होळीच्या सुमारास बाई कळशी घेऊन चढावर दम खात उभ्या दिसल्या. मी न सांगता कळशी घेतली आणि घरी पोचवली. त्या म्हणाल्या, "शहाणी आहेस गं." दुसऱ्या दिवशी मी आपण होऊन गेले. कोणी जबरदस्ती केली नव्हती. त्या एका वाक्यावर मी रोज पाणी भरलं. त्या दारात दोन मिनिटं उभं राहायला मिळायचं.

उन्हाळ्यात झरा म्हणजे नाल्यातला एक खड्डा. पाणी पाझरतं, साचतं, मग करवंटीने भरायचं. एका घराला एक जागा. माणूस उभं राहत नाही, भांडं उभं राहतं. तुमचं भांडं रांगेत ठेवलं की ते कोणी हलवत नाही. मास्तर बाहेरगावचे, उशिरा आलेले, त्यांची जागा सगळ्यात शेवटी. शेवटपर्यंत पाणी पुरत नसे. म्हणून मी आमच्या घराच्या जागेवर त्यांची पितळी कळशी ठेवायची आणि आमचा जर्मनचा हंडा शेवटी. आमच्या वाट्याला गाळ यायचा. तो फडक्यातून गाळून आम्ही प्यायचो.

बाईंनी पाणी ओतलं त्या दिवशी शेवटी गाळही उरला नव्हता. मी रिकाम्या हाताने घरी आले. जानीचं पोट तीन दिवस बिघडलं होतं. ओठ सुकले होते. तिने विचारलं, "पाणी?" मी म्हटलं, "सांडलं." तिने माझ्या कोरड्या परकराकडे बघितलं.

शेजारच्या म्हाताऱ्या डोकरीने आपल्यातलं तांब्याभर दिलं. दुसऱ्या दिवशी उजाडताना झऱ्यावर तीच पुढे होती. सगळ्या बायकांच्या देखत म्हणाली, "काय गे, मास्तरणीनं तुला दत्तक घेतली काय?"

बायका हसल्या. माझे कान तापले. तिने बरोबर तिथंच बोट ठेवलं होतं.

मग ती हळू बोलली. "ती जागा तुझ्या आयशीची हाय. ती नाय म्हणून तू कोनालाबी देशील?"

मी आमचा हंडा आमच्या जागेवर ठेवला. मी कळशी न्यायला गेले नाही म्हणून थोड्या वेळाने सुलभाच ती घेऊन आली. माझ्या हंड्यापुढे ठेवत म्हणाली, "आई म्हणते, आज बोटं घालू नकोस."

मी म्हटलं, "तुझी आय घरी हाय ना? मग तिला पाठव. माझी आय घरी नाय. आमच्या घरातनं मीच येनार."

डोकरीने तिला हाताने दाखवलं. "पोरी, रांग तिकडं संपते."

हंडा भरला. मी तो घरी नेला. जानी आधी प्यायली, मग बारकी, मग मी.

शाळेत गुरुजींनी मला उभं केलं. "आईबापांनी टाकलेली पोरं ही," ते वर्गाला म्हणाले. "वळण कोण लावणार?" सुलभा पहिल्या रांगेत होती. मग मला म्हणाले, परीक्षेला बसायचं असेल तर बाईंची माफी मागून ये.

वर्गात विचारल्याशिवाय मी कधी बोलले नव्हते. त्या दिवशी बोलले. "टाकली नाय. कामाला गेलीत. घर मी सांभाळते."

त्यांनी दाराकडे बोट केलं. मी बारकीला कडेवर घेतलं आणि बाहेर आले. घरी गेले नाही. खिडकीखाली भिंतीला टेकून बसले. आत गणितं सांगत होते, ती पाटीवर मांडली. दुसऱ्या दिवशीही तिथंच येऊन बसले. तिसऱ्या दिवशीही.

दुपारी बाई कुडापाशी यायच्या. हाक ऐकू यायची. हेवा कमी झाला नव्हता, उलट आता तो चांगला ओळखू येत होता. मला हवं होतं ते त्या घरात होतं, पण माझ्यासाठी नव्हतं, आणि पाणी भरून ते मिळणारही नव्हतं. परीक्षेला बसवायचं की नाही, हे गुरुजींच्या हातात होतं. झऱ्यावर कोणाचं भांडं ठेवायचं, हे माझ्या. माफी मागायला मी जाणार नव्हते. आणि गणितं ऐकायची थांबणार नव्हते.