कोर्दोबाचे खांब आणि मधे मी

माझ्या आईला आयुष्यात एकच परदेशी गाव बघायचं होतं, आणि ते लंडन नव्हतं. ती सहा महिन्यांसाठी आमच्याकडे, लंडनजवळच्या रीडिंग गावी आली तेव्हा मी तिला मोठ्या कौतुकाने राजवाडा, नदी, पूल, सगळं दाखवलं. तिने ते पाहिलं, "छान ठेवलंय" म्हणाली, आणि पॅडिंग्टनहून परतताना ट्रेनमध्ये मला विचारलं, "इथून कोर्दोबा किती लांब रे?"

आई पुण्यात शाळेत इतिहास शिकवायची. मध्ययुगीन युरोपच्या धड्यात कोर्दोबावर जेमतेम एक परिच्छेद होता. त्या परिच्छेदावर ती अख्खा आठवडा काढायची, असं तिच्या विद्यार्थिनी अजून सांगतात. दमास्कसमध्ये घराण्याची कत्तल झाल्यावर जीव वाचवून पळालेला एक राजपुत्र, त्याने थेट स्पेनच्या टोकाला येऊन उभं केलेलं राज्य, आणि त्या राज्याची ती मशीद. पडक्या रोमन इमारतींचे खांब गोळा करून आणलेले, कुणी उंच, कुणी बुटका, म्हणून वर कमानीवर कमान चढवून छत सारखं केलेलं. "उसन्या खांबांवर एवढं सुंदर घर बांधलं बघ," असं ती वर्गात म्हणायची. तिने ते कधी पाहिलं नव्हतं. धड्यातला फोटो काळा-पांढरा आणि बोटाएवढा होता.

मग काय, मी कामाला लागलो. रायनएअरछाप स्वस्त विमानांच्या त्या दिवसांत स्पेनमधल्या मालागाची तीन तिकिटं मी एका संध्याकाळी काढूनही टाकली. व्हिसाचं नंतर पाहिलं. आम्हा नवरा-बायकोकडे वर्क परमिट होतं, आमचा व्हिसा झाला. आई मात्र इथे पाहुणी, आणि पाहुण्यांनी स्पेनच्या व्हिसाचा अर्ज आपापल्या देशातूनच करायचा, असं चौकशीत कळलं. लोकांना प्रोजेक्ट प्लॅनिंग शिकवणं हा माझा पोटापाण्याचा धंदा होता, हे इथे सांगून ठेवलेलं बरं.

मी सहल रद्द करायला निघालो. आई म्हणाली, "काही गरज नाही. तुम्ही जा. नीट बघून या आणि मला येऊन दाखवा."

"पुढच्या वर्षी पुण्याहून व्हिसा काढूनच ये ना, आई," बायको म्हणाली.

"अगं, हे गुडघे पुढच्या वर्षी विमानात बसतील असं वाटत नाही मला. आणि इथल्या पायऱ्या चढतानाच मी देवाला म्हटलंय, आता पुरे." तिने हे हसत सांगितलं, पण मला ते लागलं. म्हणजे आई कोर्दोबा बघणार की नाही, हे आता सर्वस्वी माझ्यावर होतं. अशी जबाबदारी आली की मी तयारी फार करतो.

जुन्या वस्तू विकणाऱ्या चॅरिटी शॉपमधून मी एक जाडजूड गाइडबुक आणलं. स्पॅनिश शिकवणारी सीडी आणली आणि ऑफिसला जाता-येता ऐकू लागलो. दोन आठवड्यांत मला रेल्वे स्टेशन कुठे आहे हे विचारता येऊ लागलं, उत्तर मात्र कळत नसे. सहलीची एक्सेल शीट केली, तिच्यात राजवाड्यांना निळा रंग, चर्चना पिवळा आणि जेवणाला राखाडी. बायकोने ती पाहिली आणि "राखाडी फार कमी दिसतंय" एवढंच म्हणाली.

सेव्हिलमध्ये आम्ही आधी मशिदीचा मनोरा असलेल्या आणि पुढे चर्चचं घंटाघर झालेल्या उंच बुरुजावर चढलो. आत पायऱ्याच नाहीत, उतार आहे, बांग देणारा घोड्यावर बसून वर जायचा म्हणे. मी पायी गेलो आणि घोड्याचा विचार करत गेलो. ग्रानाडात टेकडीवरच्या लाल किल्ल्यात पाटापाटांनी पाणी खेळवलेलं होतं, अंगणा-अंगणात कारंजी, भिंतींवर जाळीसारखं कोरीव काम. दुपारी सगळी दुकानं बंद झाली तेव्हा बायको वैतागली. मला मात्र अगदी घरी आल्यासारखं वाटलं. पुण्याचा माणूस या एका बाबतीत जगात कुठेही परका पडत नाही.

शेवटी कोर्दोबा. संत्र्याच्या झाडांचं अंगण ओलांडून आम्ही आत गेलो. बाहेरच्या उन्हातून आल्यामुळे आधी काही दिसलं नाही, मग अंधारातून खांब पुढे येऊ लागले, रांगेमागे रांग, वर लाल-पांढऱ्या कमानी. मी म्हटलं, "चल, पटकन कॅमेरा काढ. इथे उभा राहतो."

आता या उभं राहण्याबद्दल थोडं. आमच्या घरी लहानपणी कॅमेऱ्यात रोल असायचा, आणि रोल फुकट घालवायचा नसे. नुसत्या देवळाचा, नुसत्या धबधब्याचा फोटो म्हणजे उधळपट्टी. "देऊळ पोस्टकार्डावर मिळतं, तुम्ही उभे राहा सगळे," असं म्हणत आईच आम्हाला ओळीने उभं करायची. ते वळण इतकं पक्कं की हातात डिजिटल कॅमेरा आला, रोल गेला, तरी मी प्रत्येक वास्तूपुढे जाऊन उभा राहतच होतो. पोट आत घेऊन, हात मागे बांधून, जणू बांधकाम तपासायला आलोय. बायको फोटो काढायची, मी एकीकडे गाइडबुक वाचून दाखवायचो, मग पुढच्या खांबाशी. मशिदीच्या मधोमध नंतर बांधलेलं चर्च, पश्चिमेकडून पूर्वेपर्यंतच्या सगळ्या रांगा, नमाजाची दिशा दाखवणारी सोनेरी मोझॅकची कोनाड्यासारखी जागा, सगळीकडे मी हजर. राजपुत्र परमुलखात कसा आला, हे वाचताना तर मला आपलंच चरित्र वाचतोय असं वाटून भरून आलं. तो कत्तलीतून पळाला होता, मी कंपनीने काढून दिलेल्या तिकिटावर इंग्लंडला आलो होतो, हा तपशील तेवढा सुटला.

परत आल्यावर मी आईला घरीच फोटो दाखवले असते तर निम्मी लाज वाचली असती. पण आमच्या मराठी मंडळात प्रथा अशी की कुणी चार दिवस कुठे जाऊन आला की त्याने महिन्याच्या कार्यक्रमात भाषण द्यायचं. मंडळाच्या सेक्रेटरीबाईंचा फोन आला आणि मी लगेच हो म्हटलं. त्यांनी विचारायच्या आधीच म्हटलं असावं. आई पुढच्याच आठवड्यात पुण्याला जाणार होती. तिला हॉलभर मोठ्या पडद्यावर कोर्दोबा दाखवायचं, असं माझ्या डोक्यात बसलं.

मंडळाने भाड्याने घेतलेल्या चर्चच्या हॉलमध्ये प्रोजेक्टर लावला. आई पहिल्या रांगेत, नऊवारी नव्हे पण ठेवणीतली साडी नेसून, चष्मा दोनदा पुसून. मी सेव्हिल आणि ग्रानाडा भराभर उरकलं, आणि खाकरून म्हटलं, "आणि आता, ज्या गावासाठी आपण जमलो आहोत ते."

पहिला फोटो लागला. मी. माझ्या दोन्ही कानांमागून लाल-पांढऱ्या कमानींचे तुकडे दिसत होते.

"अरे, जरा बाजूला हो ना," आई म्हणाली. तिला वाटलं मी पडद्यासमोर उभा आहे.

"मी फोटोतच आहे, आई."

दुसरा फोटो. मी, गाइडबुकसह. तिसरा, मी आणि मागे जपानी पर्यटकाची टोपी. पाचव्या-सहाव्या फोटोपर्यंत लोक हसू लागले. मागून कुणीतरी म्हणालं, "स्पीकरसाहेब, थोडं क्रॉप करा." सोनेरी कोनाडा आला तेव्हा तो बरोबर माझ्या पोटामागे होता, आणि आई पुढे झुकून, मान एका बाजूला कलती करून, माझ्या कोपराच्या फटीतून बघायचा प्रयत्न करत होती. ते पाहिलं आणि माझं भाषण संपलं. म्हणजे मी आणखी दहा मिनिटं बोललो, खलिफा, ग्रंथालयं, रस्त्यांवरचे दिवे, सगळं, पण मला स्वतःचाच राग आला होता आणि आवाज उगाच चढत होता. टाळ्या मिळाल्या. मिसळ तयार होती, त्यामुळे जोरात मिळाल्या.

लोक पाव घ्यायला रांगेत गेले. आई खुर्चीतच बसून होती. मी शेजारी जाऊन बसलो आणि म्हटलं, "सॉरी आई. मला एकही रिकामा फोटो काढता आला नाही."

"फोटोचं राहू दे. तू सांग." तिने माझ्याकडे तोंड केलं. "आत गेल्यावर गार वाटतं का रे? एवढं दगडाचं काम आहे."

मी आठवून पाहिलं. गार वाटलं असणार. मी त्या वेळी उजेड कुठून येतोय आणि फ्लॅश लावायचा का, हे बघत होतो.

"खांब हाताला कसे लागतात? गुळगुळीत? ते वेगवेगळ्या ठिकाणचे आहेत ना, मग सगळे सारखे नसतील."

"असतील गुळगुळीत," मी म्हणालो. "म्हणजे संगमरवर आहे, तर..."

तिने मान डोलावली, वर्गात चुकीचं उत्तर देणाऱ्या मुलाला न दुखवता पुढे जावं तशी. मला तेव्हा खरोखर रडू येईल असं वाटलं. खांबांपुढे इतका वेळ उभा राहून मी एकालाही हात लावला नव्हता.

बायको दोन बशा घेऊन आली होती आणि मागेच उभी होती. "नाही आई, सगळे सारखे नाहीत," ती म्हणाली. "एक अगदी आरशासारखा होता, काळसर. त्याच्या बाजूचा खरखरीत, त्याला मधेच चीर गेलेली. हा पुस्तक वाचत होता ना, तेव्हा मी एकेकाला हात लावत पार भिंतीपर्यंत गेले. बाहेर इतकं ऊन, पण खांब गारच. आणि खाली, कमरेएवढ्या उंचीवर, जास्त गुळगुळीत. सगळे तिथेच हात लावत असणार, इतकी वर्षं."

आईने विचारलं, "कुठल्या हाताने लावलास?"

बायकोने बशा माझ्याकडे दिल्या आणि उजवा हात पुढे केला. आईने तो आपल्या दोन्ही हातांत घेतला, उलटा केला, आणि डोळे मिटून तळव्यावरून सावकाश अंगठा फिरवू लागली.

सेक्रेटरीबाई मिसळ संपत आल्याचं सांगायला आल्या. मी त्यांना हातानेच थांबवलं.