ओळखीचा लाल

कॉव्हेंट्रीबाहेरच्या एका खेड्यात आम्ही राहायचो, तेव्हा घरामागून रेल्वेचा एकेरी रूळ जायचा. त्यावरून फक्त खाणीतल्या खडीची मालगाडी यायची, तीही रमतगमत. गाडी फाटकाशी थांबली की तिच्यावरचा गार्ड खाली उतरायचा, हाताने फाटक उघडायचा, गाडी पलीकडे गेली की लावायचा, कडी दोनदा हलवून बघायचा आणि पुन्हा गाडीत चढायचा. फाटक आमच्या कुंपणाला लागूनच. मी दिसलो की "ऑल राइट?" म्हणायचा, पण नजर माझ्या खांद्यावरून आमच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर. मला तो पहिल्यापासून खटकायचा.

एकदा त्याने चक्क बेल वाजवली.

"कुंपणावरचं ते लाल कापड काढा. लाल दिसलं की ड्रायव्हरला थांबावं लागतं."

ती बायकोची साडी होती.

"गाडी तर इथे नेहमीच थांबते," मी म्हणालो.

"फाटकाशी थांबते. आज अलीकडेच थांबली."

पुढच्या वेळी हिने हिरवी टाकली, तर पुन्हा बेल.

"हिरवं तर मुळीच नको. फाटक बंद असताना?"

"असेल रे त्यांचा नियम," ही म्हणाली, आणि साड्या बाथरूममध्ये वाळू लागल्या.

उन्हाळ्यात शेजारच्या म्हातारीने तिच्या कुंपणावर भलामोठा लाल टॉवेल टाकला. मी मुद्दाम मागे जाऊन उभा राहिलो. गाडी टॉवेलसमोरून आरामात फाटकापर्यंत आली. तो उतरल्यावर मी तिकडे बोट दाखवलं.

"तो होय?" कडी काढत तो म्हणाला. "तो ड्रायव्हरच्या ओळखीचा आहे."