रेवणअण्णा आणि माझ्या जीपचे ब्रेक

माझं तोंड लई वाईट हाय, हे आधीच सांगून टाकतो. राग आला की आधी तोंड सुटतं अन् अक्कल मागून येती, ती बी रमतगमत. ह्याच तोंडानं मी कमलनगरच्या स्टँडवर, चाळीस माणसांत, रेवणअण्णाला नको ते बोललो. त्याचीच ही गोष्ट हाय.

मी अमरदीप. कमलनगरहून खेड्यापाड्यांत सवारीची जीप चालवतो, एकोणीस वर्सं झाली. रेवणअण्णा म्हणजे रेवणसिद्ध. स्टँडच्या समोर पत्र्याचं शेड, तेच त्याचं गॅरेज. मूळचा तो आळंद तालुक्यातल्या मादन हिप्परग्याचा. घरी कन्नड, गिऱ्हाईकाशी मराठी, स्पेअर पार्टवाल्याशी दखनी. गंजून अडकलेल्या बोल्टाशी मात्र कन्नडच. "बा तम्मा, बा," म्हणजे ये बाबा ये, असं म्हणत पाना फिरवायचा, अन् बोल्ट बी गुमान यायचा.

गाडी आली की हा माणूस लगेच पाना उचलणार न्हाई. आधी हाताची मागली बाजू चाकाजवळ नेणार, चाक किती तापलंय बगणार. मग जॅक लावून चाक हातानं तीनदा फिरवणार. तोवर तुमी कितीबी बडबड करा, हूं न्हाई की चूं न्हाई. म्हणायचा, "आधी गाडीचं ऐकू दे रे, तुझं मागून ऐकतो." मला ह्याचा लई राग यायचा. पण बिमारी तो बरोबर धरायचा, ते नाकारून चालायचं न्हाई.

दोन वर्सांमागं, दसऱ्याला पंधरा दिवस होते, तवा माझी जीप डावीकडं वढायली. पुढचं डावं चाक तव्यावानी तापायचं. अण्णानं मला आत बसवून ब्रेक दाबायला लावला, सोडायला लावला, अन् चाक फिरवून बगितलं. पाय उचलला तरी चाक घट्टच. "कॅलिपर सोडंना झालाय," म्हणला.

कॅलिपर म्हणजे काय, चाकाच्या डिस्कला दोन्हीकडून धरणारा चिमटाच. पायानं ब्रेक दाबला की ब्रेक ऑइल आतल्या पिस्टनला रेटतं अन् चिमटा धरतो. पाय उचलला की त्यानं सोडायला पायजे. माझ्या जीपच्या पिस्टनचं रबर फाटलं होतं, आत धूळ जाऊन गंज चढला होता. एका बाजूचं पॅड तर घासून पार लोखंडाला लागलं होतं. अण्णानं दोन्ही चाकांचे कॅलिपर उघडले, पिस्टन साफ केले, नवं रबर, नवे पॅड, नवं ब्रेक ऑइल घातलं. नळ्यांतली हवा काढली. जीप अशी चालायली की काय विचारू नका.

आता माझा बाप. गुंडेराव, वय ब्याऐंशी, मूळ गाव मेहकर. जवानीत चाळीस वर्सं बैलगाडी हाकली. आता हात कापतात, एका डोळ्यात मोतीबिंदू. घरात त्याला कुणी काम सांगत न्हाई. जीप धुणं तेवढं त्याचं, अन् नवमीचं तेल.

हे नवमीचं तेल काय ते सांगतो. आमी बौद्ध. दसऱ्याला पांढरे कपडे घालून विहारात जातो, वंदना घेतो. खांडेनवमीची पूजाबिजा आमच्या घरात न्हाई. पण त्या दिवशी सकाळी अप्पा घरातल्या एकूणएक लोखंडाला तेल देतो. इळी, खुरपं, कुऱ्हाड, कात्री, शेवटाला जीप. कुणी हटकलं तर म्हणतो, "बाबासाहेबानं देव सोडा म्हणलं, लोखंड गंजू द्या म्हणलं न्हाई." आता ह्याला काय बोलणार, सांगा! त्या साली बी अप्पा कोंबडीचं पीस अन् इंजनच्या ऑइलचा उरलेला डबा घेऊन जीपला लागला होता. मी आत चहा पीत बसलो होतो.

बारा दिवसांनी बाजाराच्या दिवशी जीपमधी चौदा सवाऱ्या होत्या. गाव मागं टाकून दोन मैल गेलो न्हाई तोच ब्रेकचं पायडल दगडावानी कडक झालं. जीप पुढं सरकंना. जळाल्याचा वास सुटला, दोन्ही पुढच्या चाकांतून धूर निघाला. बाया आरडत उड्या मारायल्या. एक म्हातारी पडली, तिचा गुडघा फुटला. चाकं निवस्तर तास गेला, अन् मग बैलगाडीच्या चालीनं जीप कमलनगरला आणली.

स्टँडवर आल्याबरोबर माझं तोंड सुटलं. "ए रेवण्या! भाईर ये! माणसं मारायला बसलास व्हय रे?"

आजवर मी त्याला अण्णा म्हणायचो, तुमी म्हणायचो. त्या दिवशी एका दमात रेवण्या अन् ए-तू. माणसं जमली. आमचं घर स्टँडच्या मागंच, गलका ऐकून अप्पा बी आला, हातात जीप पुसायचं फडकं तसंच.

रेवणअण्णानं रोजच्यासारखंच केलं. हात चाकाजवळ नेला, चाक फिरवून बगितलं. मग बॉनेट उघडून ब्रेक ऑइलच्या बाटलीचं झाकण काढलं. झाकणाखालचं रबर भिजल्या हरभऱ्यावानी फुगलं होतं. ते त्यानं बोटानं दाबून बगितलं. शेजारच्या हाटेलातून गिलासभर पाणी मागवलं अन् बाटलीतल्या ऑइलचे चार थेंब त्यात सोडले. ब्रेक ऑइल पाण्यात मिसळून जातं. हे वर तरंगायलं, तवंग धरून. तवा मला त्यातलं ओ का ठो कळलं न्हाई, हे सगळं मागून कळलं.

"ही बाटली कुणी उघडली?" त्यानं विचारलं.

"तुझ्याबिगर कोण उघडणार रे? माझ्या गाडीला दुसरा कुणी हात लावत न्हाई!"

रेवणअण्णानं मान वर केली अन् माझ्या मागं बगितलं. माझ्या मागं अप्पा हुबा होता. मी काही वळून बगितलं न्हाई. अण्णानं गिलासातलं पाणी मातीत ओतलं अन् सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणला, "व्हय अमरदीप. माझीच चूक हाय. माझ्या हातून डबा चुकला. इंजनचं ऑइल पडलं ह्यात."

मग काय, मला तर रानच मोकळं मिळालं. काय काय बोललो, ते सगळं लिवायची लाज वाटती. एवढंच सांगतो, शेवटाला म्हणलो, "ह्याच्या हाती बैलगाडी बी देऊ नये माणसानं!" अण्णा खाली बगून चाकाचे बोल्ट खोलत होता. अप्पा कवा घरला गेला, मला कळलं बी न्हाई.

अण्णा तीन दिवस जीपखाली होता. इंजनचं ऑइल जिथं जिथं पोचलं होतं, तिथलं रबर फुगलं होतं अन् पिस्टन आतच आवळून धरले होते. दोन्ही कॅलिपर नवे टाकले, नळ्या बदलल्या, पायडलाचा रेटा ऑइलला देणारा मास्टर सिलिंडर बदलला, सगळी लाइन धुऊन काढली. माझ्याकडून छदाम घेतला न्हाई. मी बी दिला न्हाई, मिशीला पीळ देऊन जीप घेऊन आलो. वर प्रत्येक थांब्यावर सवाऱ्यांना रंगवून सांगत सुटलो, रेवणनं कसा डबा चुकवला ते.

स्टँडवरच्या गोष्टीला काय पाय लागतात, ते तुमाला ठावं हाय. आधी सोमशेखरनं, तो बी आमच्यातलाच जीपवाला, आपली गाडी भालकीला नेली. मग दुसऱ्यानं, मग तिसऱ्यानं. पुढं पॅड बदलायला मी बी तिकडंच गेलो. ज्याला ब्रेकचं ऑइल कळंना, त्याच्या हाती जीव कोण देणार? शिमग्यापस्तोर शेडात एखादी पंक्चर ट्रॉली तेवढी दिसायली. पाऊसकाळात लोक म्हणायले, रेवण शेड खाली करून हिप्परग्याला चाललाय. मला काय वाटलं? खरं सांगतो, बरं वाटलं. थू माझ्या जिंदगानीवर.

त्या वर्सात अप्पाचं जेवण कमी झालं. अन् रोज संध्याकाळी उठून तो रेवणअण्णाच्या शेडात जायचा, उपड्या डब्यावर बसायचा. मी एकदा भडकलो, "सगळं गाव सोडून त्याच्याच दारात कामून बसता?"

"सावली हाय तिथं," अप्पा म्हणला. सूर्य मावळल्यावर कसली आलीय सावली! पण माझ्या मठ्ठ डोक्यात काही शिरलं न्हाई.

मग परत नवमी आली. सकाळी मी दाराआड तोंड धुवायलो होतो, तर अंगणात जीपजवळ बोलणं ऐकू आलं. अप्पा अन् रेवणअण्णा. मी तसाच थांबलो.

"हे बगा अप्पा," अण्णा म्हणत होता, "ह्या झाकणाला मी तार गुंडाळलीय. ही बाटली आता तुमची न्हाई. ह्या दारांच्या बिजागऱ्या तुमच्या, जॅक तुमचा, पाने तुमचे. अन् हा तेलाचा डबा घ्या, ह्याला चोच हाय, हात कापला तरी थेंब जागेवर पडतो."

अप्पाचा आवाज फुटला. "वर्स झालं रं रेवणा. त्या बाटलीत तेल मी घातलं अन् खापर तुझ्या डोक्यावर फुटलं. बैलगाडीच्या कण्याला वंगण देतात तसं समजलो मी. आज पोराला सांगून टाकतो."

"सांगू नका."

"कामून न्हाई सांगायचं? तुझं गॅरेज बुडायलंय!"

अण्णाचा आवाज खाली आला. मग म्हणला, "माझा बाप ट्रॅक्टर चालवायचा. म्हातारपणी एकदा पुलाच्या कठड्याला ट्रॅक्टर घासला. कुणाला खरचटलं बी न्हाई. पण आमी भावांनी चावी काढून घेतली. चांगल्यासाठीच घेतली. त्या दिवसापासून तो कट्ट्यावर बसून रस्ता बगायचा. चौथ्या महिन्यात गेला. चावी मी घेतली होती अप्पा, ह्या हातानं. तुमचा पोरगा भडक डोक्याचा. त्याला कळलं तर तो तुमाला जीपजवळ फिरकू देणार न्हाई."

खरं होतं की ते! मी तेच केलं असतं. ह्या माणसानं मला माझ्यापेक्षा जास्त ओळखलं होतं. तोंडावर पाणी तसंच, मी भाईर आलो. अप्पानं मला बगितलं अन् तेलाचा डबा पोटाशी धरला, लेकरानं खेळणं लपवावं तसा. तो डबा बगून मला रडू फुटलं. माझा बाप मला भ्यायलाय, हे मी पहिल्यांदा बगितलं.

"अण्णा," मी म्हणलो, "माफ..."

"माफी घाल चुलीत," रेवणअण्णा कडाडला. वर्सभराचा राग होता त्यात. "तुझ्यासाठी केलं न्हाई मी. आता ऐकलाच हाईस तर ऐक. अप्पाला एक शब्द बोललास तर ह्याच पान्यानं तुझं टकुरं उघडीन. अन् अंगणात माफी मागून काय व्हायचंय? माझं नाव तू स्टँडवर घालवलास." एवढं बोलून तो निघून गेला.

मी बनियनवरच होतो. सदरा घातला अन् अप्पाला म्हणलो, "तेल दिऊन झालं की पुढं बसा."

"मी?"

"तुमीच. मी थांबतो."

अप्पानं सगळ्या बिजागऱ्यांना तेल दिलं. अर्धा तास लागला. मी एक शब्द बोललो न्हाई. मग जीप स्टँडवर नेली, बरोबर त्याच जागी लावली, अन् हॉर्न दाबून धरला. माणसं जमली. सोमशेखर बी आला. समोर शेडात रेवणअण्णा पाठमोरा, ट्रॉलीचं चाक खोलायला बसलेला.

जीपच्या पायरीवर चढलो खरा, पण तोंड उघडायच्या वक्ताला अडकलो. खरं सांगावं तर बापाचं नाव घ्यावं लागतं. बाप पुढच्या सीटवर, हात मांडीवर धरून, खाली बगत बसलेला. अण्णाला त्या दिवशी काय झालं असंल, ते मला तवा कळलं.

"ऐका रे सगळे!" मी वरडलो. "गेल्या साली माझ्या ब्रेकच्या बाटलीत इंजनचं ऑइल मी घातलं होतं. मी, अमरदीपनं! रेवणअण्णाला ते त्याच दिवशी कळलं होतं. माझी इज्जत राखायला त्यानं आपल्यावर घेतलं, अन् वर मीच त्याला शिव्या दिल्या. त्याचा हात चुकला न्हाई. चुकलं ते माझं तोंड."

मग सोमशेखर खदाखदा हसायला लागला. "अठरा वर्सं गाडी चालवायलास अन् ऑइल कळंना व्हय रे तुला?" मग सगळेच हसले. हसू द्या. आजपस्तोर स्टँडवर मला ऑइलवाला म्हणतात. पण त्या हप्त्यात सोमशेखरची जीप अण्णाच्या शेडात जॅकवर होती, हे बी सांगून ठेवतो.

हसणं चाललं असतानाच रेवणअण्णा हात पुसत आला. माझ्याकडं बगितलं न्हाई. हाताची मागली बाजू पुढच्या चाकाजवळ नेली.

"भालकीवाल्यानं पॅड कसले टाकलेत रे हे? आत घे गाडी," म्हणला, अन् वळला.

मी स्टेअरिंगवर बसलो. डोळे पुसले. शेजारी अप्पा अजून खालीच बगत होता. जीप चालू केली तवा तो हळूच म्हणला, "खोटं चांगलं बोलतोस की. रेवणाकडून शिकलास व्हय?"