कुरकुरणाऱ्या माणसाची गोष्ट

माझी मावशी भांडकुदळ होती असं सगळे म्हणतात. मी म्हणते, ती फक्त ऐकून घ्यायची नाही. तिचं सगळं आयुष्य धुलाई कारखान्यात इस्त्रीच्या टेबलापाशी गेलं. इस्पितळाच्या चादरी, हॉटेलांचे टेबलक्लॉथ, मालकाचे स्वतःचे सदरे. कॉलर आधी उलट बाजूने दाबायची, मग सुलट, हे तिनेच मला शिकवलं, आणि शिकवताना टपलीही मारली. तिचे यजमान, म्हणजे माझे काका, त्याच कारखान्यात बॉयलरवर होते. वाफेची झडप फुटली आणि ते तिथेच गेले.

ते कसे गेले, हे मावशी सांगायची आणि आम्ही ऐकायचो. मग मालक सांत्वनाला आला. मांडीवर पिशवी, पिशवीत काचेची बरणी. जरा सविस्तर सांगा म्हणाला, मावशीने सांगितलं, आणि झाकण लागल्याचा आवाज तेवढा मी ऐकला. आमच्या जगात गोष्ट चोरीला जाते ती अशी. एकदा बरणीत गेली की सांगणाऱ्याच्या तोंडून जाते आणि ऐकलेल्यांच्या डोक्यातूनही पुसली जाते. काका गेले, एवढंच आमच्याकडे उरलं. मावशी सांगायला तोंड उघडायची आणि तशीच बसून राहायची. काय चोरीला गेलं हेही जिला सांगता येत नाही, तिने तक्रार तरी कशाची करावी? मला आजही संताप येतो.

थोड्याच दिवसांत मालकाने ती बरणी कारखान्यात आणली. सकाळची पाळी सुरू झाली की झाकण काढायचा. चोरलेल्या गोष्टीत हवी ती भर घालता येते, आणि त्याने ती सढळ हाताने घातली होती. काम थांबू नये म्हणून काका हसत हसत बॉयलरच्या खोलीत आत गेले म्हणे. मालकाचे उपकार आठवत गेले म्हणे. मग आमच्या माथी जादा पाळी यायची. अशा थोर माणसाच्या नावापुढे मी दमले म्हणायची कोणाची छाती होणार?

आणि आम्ही शहाण्या बाया त्या गोष्टीला हुंकार देत होतो. यंत्रांच्या धडधडीत आपलं बोलणं पोचलं की नाही कळत नाही, म्हणून बोलणारी जरा थांबली की बाकीच्यांनी हं म्हणायचं, ही इस्त्रीखात्याची जुनी सवय. बरणीतली गोष्ट थांबली की आमच्या तोंडून आपोआप हं निघायचं. गोष्ट तर हुंकारावरच जगते. प्रत्येक हुंकारासरशी खोटी भर पक्की होत गेली. एके सकाळी काका हसत आत जाताना मला डोळ्यांसमोर दिसले, आणि किती थोर होते गं, असं मी मावशीला म्हणून बसले.

तिने इस्त्री उभी करून ठेवली.

"हसत गेले? हे? हे तर चहासुद्धा कुरकुरत प्यायचे."

ती माझ्यावर चिडली नाही, आणि तेच मला जास्त लागलं. तिलाही आता तसंच दिसायला लागलं होतं. आणखी काही दिवसांनी तिच्या आठवणीतून तिचा खरा नवरा जाईल आणि त्याच्या जागी मालकाने रचलेला माणूस येऊन बसेल, असं ती म्हणाली.

जेवणाच्या सुट्टीत ती प्रत्येक टेबलाशी गेली. उद्या कोणी हं म्हणायचं नाही. आमच्यातली सर्वांत जुनी बाई, जिला तिच्या आवाजामुळे सगळे तोफ म्हणत, तिने बजावलं की हुंकार मिळाला नाही तर गोष्ट मरते. मग खरी काय, खोटीही हाती लागायची नाही. मावशीला ते ठाऊक होतं.

"मेली तर मेली. खोटा नवरा मला नको."

दुसऱ्या दिवशी मालकाने झाकण काढलं. तो हसत आत गेला, असं म्हणून गोष्ट थांबली. कोणी ब्र काढला नाही. मी तर जीभ दाताखाली धरून उभी होते. गोष्टीने तेच पुन्हा सांगितलं, आवाज बारीक झाला होता. मालकाने स्वतः हं म्हणून पाहिलं, पण बरणी ज्याच्या हातात, त्याचा हुंकार गोष्टीला लागत नाही. आवाज विझत चालला. मावशी पांढरीफटक पडली होती. गोष्ट शेवटची धाप टाकत पुन्हा म्हणाली, हसत गेला.

"नाही," मावशी म्हणाली.

बरणीतला आवाज अडखळला, पण विझला नाही; नकार हाही गोष्टीला प्रतिसादच. तोफेने नाही म्हटलं, मग मी, मग सगळ्यांनी. काम थांबू नये म्हणून गेला. नाही. उपकार आठवत गेला. नाही. घातलेली भर एकेक करून गळाली आणि तळाला दबलेली गोष्ट वर आली. काकांचा आवाज होता, वैतागलेला.

"झडप गळतेय हे कधीपासून सांगतोय मी. आत जाणार नाही."

पाठोपाठ आला तो मालकाचा आवाज. जात नसशील तर उद्यापासून तू आणि तुझी बायको, दोघंही घरी बसा. मग काका शिव्या देत आत गेल्याचं आम्ही ऐकलं. बायकोचं काम जाऊ नये म्हणून गेले होते ते. मावशी ढसाढसा रडली. रडता रडताच तिने हं म्हटलं, आणि गोष्ट बरणीतून निघून तिच्याकडे परत आली.

मालकाने झाकणाकडे हात नेला. मावशीने तापलेली इस्त्री झाकणावर ठेवली. यापुढे पाळी सुरू होताना ही गोष्ट मी सांगणार आणि तुम्ही इथे उभं राहून ऐकणार, असं तिने त्याला सांगितलं. तो दाराकडे वळला. दारात दोघीजणी ओली चादर ताणून उभ्या होत्या.

मावशीने डोळे पुसले आणि सुरुवात केली. मालकाचं नाव तिने पहिल्याच वाक्यात घेतलं.