दोन सिनेमांमधली काळजी

अख्ख्या रत्नागिरी तालुक्याची काळजी एकट्या आमच्या शेजारच्या काकांवर टाकली, तरी ते "अजून कुणाची राहिलीय का?" म्हणून विचारतील. त्यांनी उभा जन्म एसटी चालवली. संगमेश्वरच्या वळणांवर सायकलवाले त्यांना ओलांडून पुढे जायचे म्हणे. अशा माणसाला निवृत्तीनंतर नाद कसला लागावा, तर भर रस्त्यात गाड्यांच्या शर्यती लावणाऱ्या इंग्रजी सिनेमांचा! बरं, मजा म्हणून बघतील तर शपथ. हिरोने पुलावरून गाडी उडवली की काका खुर्चीचे हात घट्ट धरून ओरडतात, "अरे मेल्या, मागनं कोण येतंय ते बघ आधी!"

अशाच एका मालिकेच्या पहिल्या भागाच्या शेवटी हिरो पळून जातो, मागे पोलीस. दुसरा भाग सुरू होतो तो थेट भलत्याच शहरात, नव्या गाडीत, स्वारी हसतमुख. काकांचं घोडं इथेच अडलं. "मधे हा होता कुठं गो? जेवला कुठं? निजला कुठं?" आठ दिवस त्यांनी माझं डोकं खाल्लं.

मला हसू यायचं, पण पुरतं नाही. काकांचा मुलगा बोटीवर कामाला आहे. दोन वर्षांपूर्वी त्याने एका परक्या बंदरात अचानक बोट सोडली आणि सात आठवडे त्याचा पत्ताच नव्हता. मग दुसऱ्याच देशातून फोन आला, नवी बोट मिळाली, मजेत आहे. काका "बरं" म्हणाले. मधल्या दिवसांबद्दल त्यांनी त्याला कधीच विचारलं नाही. विचारलं आणि त्याने खरं सांगितलं तर, या धास्तीने माणूस निम्मा झाला होता. फोनवर बापलेक हवापाण्याचं बोलायचे आणि ठेवून द्यायचे. तेही हल्ली कमीच झालं होतं.

शोधता शोधता मला कळलं की त्या दोन भागांमधली हकिगत सांगणारा एक छोटा सिनेमा खरंच आहे, जेमतेम सहा मिनिटांचा. रविवारी दुपारी मी तो काकांना मोबाइलवर लावून दिला. त्यात फारसं कुणी बोलतच नाही. हिरो एकटा गाडी हाकतो, एकटा खातो, पोलिसांची चाहूल लागली की पुन्हा निघतो. काका एकदाही ओरडले नाहीत.

"घरी एक फोन केलान नाही गो," ते हळूच म्हणाले. "लाज वाटली असेल त्याला."

मग माझ्यासमोरच त्यांनी मुलाला फोन लावला. "बाबू, मधे तू जेवायचास कुठं रे?"

मग तिकडून बोलणं सुरू झालं आणि काका तासभर नुसते "हं, हं" करत राहिले.

फोन ठेवून त्यांनी डोळे पुसले. "सांगितलंन सगळं. फार वाईट दिवस काढलेन गो पोरानं. आता मला आठ दिवस झोप लागायची नाही."

मी काही विचारलं नाही. तो कुठे जेवला ते आता त्या दोघांना ठाऊक आहे, तेवढं पुरे.