चेंडूंना चिखल लावणारा

बोटाच्या टोकावर एवढासा चिखल घ्यायचा, तळव्यात थुंकायचा, आणि नवाकोरा पांढरा चेंडू दोन्ही हातांत असा फिरवायचा, की लाडू वळतोय म्हणावं. मग चेंडू उजेडात धरून म्हणायचा, "आता धरता येईल." सामन्याआधी रोज सहा डझन चेंडू. हेच त्या म्हाताऱ्याचं काम.

तुम्ही म्हणाल, नव्या चेंडूला चिखल कशाला? बेसबॉलचा नवा चेंडू गुळगुळीत, हातातून सटकतो. फेकणाऱ्याला पकड मिळावी म्हणून नदीकाठचा बारीक चिखल चोळतात. मला हे कुणी सांगितलं नव्हतं.

साल दोन हजार चार. बायको जाऊन आठ महिने झाले होते. अमेरिकेत, एडिसन गावातल्या घरात मी दिवसभर भिंतीकडे बघत बसायचो. मुलगा म्हणाला, "बाबा, बाहेर पडा जरा," आणि ओळखीनं मला पगारी खेळाडूंच्या एका संघाच्या मैदानावर साफसफाईला लावलं. पहिल्याच दिवशी एका खोलीत मळक्या चेंडूंची बादली दिसली. म्हटलं, काय घाण ठेवतात हे लोक. ओल्या फडक्यानं सगळे पुसून पांढरे केले.

म्हातारा आला, बादलीत बघितलं आणि मटकन खालीच बसला. सामन्याला तास उरला होता. मला वाटलं, आता हाकलणार. तर हा हसायलाच लागला. "बस, बॉस. तू पुसलेस, आता तूच मळव."

मी तांब्या घासतात तसे घासले. "अरे, बटाटे करू नकोस त्यांचे!" ओरडला. चेंडू उशिरा गेले. अंपायर चिडला, तर हा म्हणाला, "माझाच डोळा लागला होता."

मग रोज त्याच्याजवळ टेकायचो. माझं इंग्रजी मोडकं, त्याला बोलायची हौस नाही. एकदा त्यानं बायकोचं नाव विचारलं. सुमन, म्हटलं. तीनदा चुकला, चौथ्यांदा जमलं. घरात तिचं नाव कुणी घेत नव्हतं, मला त्रास होईल म्हणून.

तिसऱ्या उन्हाळ्यात त्याचे हात थरथरायला लागले. चेंडूंवर डाग पडायचे, अंपायर परत पाठवायचा. "एवढा सीझन निघू दे," मला म्हणाला. "घरी बसून मी करू काय?" मग दार लावून मी चोळायचो, तो बघायचा. "हलक्या हातानं, बॉस." अंपायरच्या खोलीत बादली मात्र तोच नेऊन ठेवायचा.

ऑगस्टमध्ये अंपायर न सांगता आत आला. माझे हात चिखलाचे, म्हाताऱ्याचे कोरडे. मी म्हणालो, "मी नुसती मदत..." त्यानं मला गप्प केलं.

"दोन महिने हाच चोळतोय," अंपायरला म्हणाला. "एक तरी परत पाठवलास?"

अंपायर निघून गेला. दुसऱ्या दिवशी ऑफिसवाल्यांनी गोड बोलून म्हाताऱ्याला घरी बसवलं आणि त्याचं काम मला दिलं. मला नको होतं. नाही म्हणालो नाही, हेही खरं.

जाताना तो नळापाशी गेला. हातांना चिखलाचा ठिपका नव्हता. तरी साबण लावून कोपरापर्यंत धूत राहिला, बराच वेळ. मी टॉवेल धरून उभा होतो.